गटात दोघं, जागा एक

ज्या दिवशी विज्ञानाच्या सरांनी आपला विरोध मागे घेतला, त्या दिवशी फूटपट्टीबाईंना डबा गेला नाही.

तीन वर्षं ज्या माणसाशी न्यायाधिकरणात भांडण चाललं होतं, तो भर स्टाफरूममध्ये उठला, घसा साफ केला आणि म्हणाला, "बाई, तुमचं बरोबर आहे. ती दोन वर्षं तुम्ही इथेच होतात. मी तसं लिहून देतो." बाकीच्या पाच शिक्षकांनी टाळ्या वाजवल्या. मराठीच्या बाईंनी तर डोळ्यांना पदर लावला, पण त्या बक्षीस समारंभातही लावायच्या. मुख्याध्यापक म्हणाले, "याला म्हणतात मनाचा मोठेपणा." फूटपट्टीबाईही हसल्या. पण पहिला घास तोंडात नुसता फिरत राहिला. खडूचा तुकडासुद्धा मोजून देणारा हा माणूस आपली नोकरीची जागा अशी ताटात वाढून देईल, हे काही त्यांच्या गळी उतरेना.

फूटपट्टीबाई हे नाव मुलांनी दिलेलं. बाई गणित शिकवायच्या, हातात कायम लाकडी फूटपट्टी असायची आणि चालायच्याही अगदी आखल्यासारख्या सरळ रेषेत. मारलं मात्र त्यांनी कधी कुणाला नव्हतं. बावीस वर्षांत एकदाही नाही, हे त्या अभिमानाने सांगायच्या, आणि अभिमान बाळगण्यासारखं दुसरं त्यांच्याकडे फारसं नव्हतंही.

भांडण काय होतं ते सांगायला हवं. शाळेतली मुलं वर्षागणिक कमी होत होती. मुलं कमी झाली की शिक्षक जास्त होतात, हे खात्याचं गणित. गणित आणि विज्ञान हे विषय खात्याच्या हिशोबी एकाच गटात, आणि त्या गटात शिक्षक दोघं: बाई आणि सर. तीन वर्षांपूर्वी पत्र आलं की या गटातली एक जागा कमी होईल. दोघांतला जो कनिष्ठ तो 'अतिरिक्त' ठरेल आणि त्याला खातं पाठवील तिथे जावं लागेल. पाठवायच्या शाळांची यादी पत्राला जोडलेली होती, आणि त्यातली सगळ्यात जवळची शाळासुद्धा बसने पाच तासांवर होती.

बाई बावीस वर्षांपूर्वी रुजू झाल्या होत्या, सर त्यांच्यामागून चौदा महिन्यांनी. म्हणजे बाई ज्येष्ठ. यात भांडायला काय आहे, असं कुणालाही वाटेल. पण मध्ये दोन वर्षं अशी होती की कागदावर बाई या शाळेत नव्हत्याच.

त्याचं असं झालं होतं. टेकडीपलीकडच्या एका शाळेत गणिताला शिक्षक नव्हता आणि तपासणी यायची होती. तेव्हाचे मुख्याध्यापक बाईंना म्हणाले, "नुसतं कागदावर दाखवतो तुम्हाला तिथे. तुम्ही इथेच शिकवा. कुणाला कळतंय?" बाई तेव्हा वरिष्ठांच्या शब्दाबाहेर नव्हत्या. मग दर महिनाअखेरीला त्या शाळेचा शिपाई कापडी पिशवीत तिथलं हजेरीपत्रक घेऊन यायचा, आणि बाई एका बैठकीत सबंध महिन्याच्या सह्या करायच्या. संशय नको म्हणून मध्येच पेन बदलायच्या. दोन वर्षांनी कागदावरच त्या परत आल्या. ती शाळा त्यांनी आजतागायत पाहिली नव्हती.

सरांनी नेमकं तेच धरलं. बाई दोन वर्षं दुसऱ्या शाळेच्या यादीत होत्या, तेव्हा इथली त्यांची ज्येष्ठता परत आल्या तारखेपासून मोजा, म्हणजे आजच्या हिशोबाने अकरा वर्षं. आणि मी सलग एकवीस. हरकत लिहिली होती त्यांनी सुवाच्य अक्षरात, मुद्देसूद, विज्ञानाच्या प्रयोगासारखी. ज्या दिवशी ती हरकत आली, त्या दिवसापासून दोघांचा सामायिक कपाटाचा कप्पा वेगळा झाला. अठरा वर्षं एकमेकांच्या डब्यातलं लोणचं खाल्लेली माणसं वाढदिवसाच्या शुभेच्छाही शाळेच्या सूचनावहीतून द्यायला लागली.

बाई घाबरल्या होत्या, आणि घाबरण्याचं कारण घरी बसलेलं होतं.

बाईंचे वडील, आबा, सहा वर्षांपूर्वी काचबिंदूने आंधळे झाले. पहिलं वर्ष भिंतीकडे तोंड करून गेलं. मग एक दिवस ते उठले आणि घर पाठ करायला लागले. पलंगापासून मोरी किती पावलं, दारापासून जिना किती, जिन्यावरून उतरलं की कोपऱ्यावरचा न्हावी कुठल्या हाताला. आता ते काठी न घेता न्हाव्याकडे जात, दाढी करून येत आणि वाटेत चार जणांना हाक मारून त्यांची विचारपूस करत. मध्यंतरी दादा, म्हणजे बाईंचा भाऊ, त्यांना हौसेने आपल्याकडे घेऊन गेला. तिसऱ्या दिवशी आबा न्हाणीघरात पडले. त्यानंतर त्यांनी पलंग सोडला नाही, आणि पंधरा दिवसांत त्यांचा आवाज इतका बारीक झाला की फोनवर बाईंना ओळखू येईना. परत आणल्यावर आठवडाभरात ते पुन्हा जिना उतरायला लागले. डॉक्टर बाईंना बाजूला घेऊन म्हणाले होते, "यांना आता कुठे हलवू नका. हे घर हेच यांचे डोळे आहेत."

नोकरी सोडून चालणार नव्हतं, दोघांचं घर बाईंच्याच पगारावर होतं. आबांना एकटं ठेवून जाणं शक्य नव्हतं आणि बरोबर नेणं म्हणजे त्यांना मारणं. म्हणून बाई लढल्या. नाकासमोर चालणारी ही बाई वकिलाच्या जिन्यावर चढली, शपथपत्रं केली, आणि आपण खोट्या सह्या केल्या होत्या हेसुद्धा कागदावर कबूल केलं. वकीलबाई म्हणाल्या, "वरिष्ठांच्या हुकमाने केल्यात, ते मी सांभाळते. तुम्ही इथेच शिकवत होतात याचा पुरावा द्या." पुरावा होता. बाईंनी आपल्या सगळ्या टाचणवह्या जपून ठेवल्या होत्या. रोज काय शिकवलं ते लिहायचं आणि आठवड्याला मुख्याध्यापकांची सही घ्यायची, ती वही. त्या दोन वर्षांतल्या वह्यांवरही दर शनिवारची सही होती. फक्त एक साक्षीदार हवा होता, त्या काळातला. आणि त्या काळातला शाळेत उरलेला माणूस एकच होता, विज्ञानाचे सर.

आणि आता तेच सर लिहून देत होते.

लिहून दिलं आणि तिथेच थांबले असते तरी एक वेळ बाईंच्या मनाला पटलं असतं. पण सर पाघळायलाच लागले. बाईंची खुर्ची पंख्याखाली सरकवून ठेवायची. मधल्या सुट्टीत "बाई, चहा?" एके दिवशी तर त्यांनी त्या काळातला स्नेहसंमेलनाचा फोटो घरून शोधून आणला. "हे बघा, मागच्या रांगेत तुम्ही. मागे फळ्यावर तारीख आहे. वकिलांना द्या, उपयोगी पडेल." बाईंनी फोटो घेतला. त्यात त्या हसत होत्या, आणि बाजूला उभे असलेले तरुण सरही.

"आबा बरे आहेत ना?" सरांनी विचारलं.

"आहेत."

"त्यांना जपा हो," सर म्हणाले, आणि पटकन दुसरीकडे बघायला लागले.

बाईंनी हे मराठीच्या बाईंना बोलून दाखवलं. त्या म्हणाल्या, "तुम्हाला ना, चांगलं झालेलं बघवतच नाही. माणसाला पश्चात्ताप होऊ शकत नाही का?" होऊ शकतो. पण बाजारात सरांची बायको समोरून आली आणि बाईंना बघताच सुजलेल्या हाताने भाजीची पिशवी सावरत दुसऱ्या गल्लीत वळली. पश्चात्ताप झालेल्या माणसाची बायको गल्ली कशाला बदलेल, हे बाईंना कळेना.

मग खात्याच्या कचेरीतला तो प्रसंग झाला. सेवापुस्तकाची साक्षांकित प्रत आणायला बाई गेल्या होत्या. हेडक्लार्क जुना माणूस, फायलींच्या ढिगाआड नुसता चष्मा दिसायचा. त्याने प्रत काढली, शिक्का मारला, पण कागद हातात देईना.

"बाई, एवढी घाई कशाला करताय?"

"म्हणजे?"

"म्हणजे... पुढची तारीख मागून घ्या की. तब्येतीचं कारण सांगा. दोन-तीन महिने जाऊ देत."

"का पण?"

त्याने साहेबांच्या बंद दाराकडे पाहिलं. आतून टाइप केल्याचा आवाज येत होता. "मी काय बोलणार? आमचे हात बांधलेले. वरून काहीबाही येत असतं, बदलत असतं. तुम्ही सज्जन बाई म्हणून सांगितलं."

बाई कागद घेऊन बाहेर आल्या आणि जिन्यात थांबल्या. त्यांच्या डोक्यात लख्ख उजेड पडला, निदान त्यांना तसं वाटलं. सरांचा मेहुणा याच कचेरीत टंकलेखन विभागात होता. म्हणजे हा क्लार्क त्यांच्याच गोटातला! वरवर साक्ष द्यायची, गोड बोलायचं, आणि आतून निकाल लांबवायचा. तोवर अतिरिक्तची यादी लागली की जुन्या नोंदीप्रमाणे बाई कनिष्ठ, चला सामान बांधा. असा डाव आहे होय! बाईंना संताप आला, आणि संतापाबरोबर थोडं हायसंही वाटलं, कारण आता सगळ्याचा अर्थ लागत होता. गणित शिकवणाऱ्या माणसाला उत्तर सापडलं की ताळा करायचा असतो. बाईंनी तो केला नाही.

त्या थेट वकीलबाईंकडे गेल्या. "लवकरची तारीख घ्या. मिळेल तितक्या लवकर."

"अहो, मिळेल ना. समोरचा पक्षच आपल्या बाजूने आहे."

"म्हणूनच. उद्या ते फिरतील."

वकीलबाईंनी अर्ज केला. सुनावणी तीन आठवड्यांत लागली आणि वीस मिनिटांत संपली. सर साक्षीला उभे राहिले तेव्हा त्यांचा आवाज इतका स्वच्छ होता, जणू ते वर्गात धडा वाचत होते. त्या दोन वर्षांत बाई रोज शाळेत होत्या. आम्ही रोज एकत्र डबा खायचो. त्या एकही दिवस ही शाळा सोडून गेल्या नाहीत. पीठासीन अधिकाऱ्यांनी मान डोलावली. निकाल लागला: दुसऱ्या शाळेतली नोंद केवळ कागदोपत्री होती, ती रद्द समजावी. या शाळेतली बाईंची सेवा पहिल्या दिवसापासून सलग बावीस वर्षं धरावी.

बाहेरच्या बाकावर बाईंना रडू आवरेना. वकीलबाईंनी पाण्याची बाटली पुढे केली. सर लांबून आले, दोन्ही हात जोडले आणि म्हणाले, "अभिनंदन." मग इतक्या भराभर जिना उतरले की त्यांची छत्री बाकावरच राहिली.

ते डाव कधी टाकणार, याची बाई अजूनही वाट बघत होत्या. घरी आबांनी शेजाऱ्यांना चहा पाजला. "आमची ताई जिंकली," ते जिन्यावरून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होते. "आता मी काही इथून हलत नाही. मला इथून आता चार जणांनीच उचलून न्यायचं." शेजारी हसले. बाईंनाही हसावं लागलं.

अकरा दिवसांनी परिपत्रक आलं.

मुख्याध्यापकांनी ते मधल्या सुट्टीत वाचायला घेतलं. बाई समोर बसल्या होत्या, सर खिडकीपाशी उभे होते. सुरुवातीची नेहमीची वाक्यं झाली. मग मुख्याध्यापकांचा आवाज हळू झाला. दुर्गम भागातल्या शाळांना अनुभवी शिक्षक मिळत नाहीत. सबब, अतिरिक्त शिक्षक ठरवण्याचा पूर्वीचा निकष रद्द करण्यात येत आहे. यापुढे गटातील ज्या शिक्षकाची त्याच शाळेतील सलग सेवा सर्वाधिक असेल, त्यास अतिरिक्त ठरवून दुर्गम शाळेत पाठवण्यात येईल.

मुख्याध्यापकांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला आणि तेच वाक्य पुन्हा वाचलं. दुसऱ्यांदा वाचून ते काही बदललं नाही.

मराठीच्या बाईंचा हात पदराकडे गेला आणि मध्येच थांबला. फूटपट्टीबाई मनातल्या मनात वजाबाकी करत होत्या. जुनी नोंद तशीच राहिली असती तर त्यांची सलग सेवा अकरा वर्षं. सरांची एकवीस. सर गेले असते. आता त्यांची बावीस, सरांची एकवीस. उत्तर सोपं होतं, पाचवीतल्या पोरालाही आलं असतं. हेडक्लार्कचा चष्मा त्यांच्या डोळ्यांसमोर आला. तो म्हातारा त्यांना वाचवत होता, आणि त्यांनी त्याला चोर ठरवलं होतं.

वकीलबाईंना त्यांनी शाळेच्या व्हरांड्यातून फोन केला.

"आता फिरवता येणार नाही, मॅडम. तुमचाच अर्ज, तुमचंच शपथपत्र. आपण खोटं बोललो असं म्हणालात तर नोकरीच जाईल. मी... मला खरंच माहीत नव्हतं हो."

"मी सांगते ना, लवकरची तारीख मीच मागितली," बाई म्हणाल्या आणि फोन ठेवला.

सर प्रयोगशाळेत होते. परीक्षानळ्या धूत होते. स्वच्छच होत्या, तरी धूत होते. बाई दारात उभ्या राहिल्या.

"तुम्हाला माहीत होतं."

सरांनी नळ बंद केला नाही. "मसुदा टाइपला आला होता. मेहुण्याने सांगितलं."

"कधी?"

"विरोध मागे घेतला, त्याच्या आदल्या दिवशी."

"आबांना बघितलंय तुम्ही, सर. तुम्ही त्यांना जिन्यावरून हात धरून उतरवलंय. पहिल्या वर्षी."

"बघितलंय." सरांचा आवाज आता धडा वाचणारा राहिला नव्हता. "मी खोटं काही बोललो का, बाई? एक तरी शब्द? तुम्ही इथेच होतात. तीन वर्षं मी खोटं बोलत होतो तेव्हा तुम्ही मला बोल लावत होतात, आता खरं बोललो तरी..." मग ते नळीकडे बघत म्हणाले, "माझी बायको आठवड्यातून तीनदा मशीनवर असते. किडनी. यादीतल्या कुठल्या गावात ते मशीन आहे, तुम्ही बघितलं होतं का कधी?"

बाईंनी बघितलं नव्हतं. बाजारात पिशवी सावरत वळलेली ती बाई त्यांना आठवली, तिचा सुजलेला हात आठवला. सरांना त्या तीन वर्षं ज्या यादीत ढकलत होत्या, त्या यादीकडे त्यांनी सरांच्या बाजूने एकदाही पाहिलं नव्हतं. सरांवरचा राग गेला होता असं नाही. तो होताच, पण त्याला आता उभं राहायला जागा नव्हती. घंटा झाली आणि बाई तासाला गेल्या. त्या दिवशी त्यांनी फळ्यावर एक उदाहरण दोनदा चुकवलं आणि मुलं हसली नाहीत.

आदेश त्याच आठवड्यात आला. नदीपलीकडचं गाव. सोमवारी हजर व्हायचं.

शुक्रवारी दुपारी बाई घरी आल्या तेव्हा आबा नुकतेच दाढी करून आले होते. गालांना साबणाचा वास येत होता. खुर्चीत टेकून त्यांनी पाय लांब केले होते.

"आलीस? लवकर आलीस आज." मग जरा थांबून म्हणाले, "न्हावी सांगत होता, तुमच्या शाळेत बदलीचा कागद आला म्हणून. आला का गं?"

बाईंनी पर्स खाली ठेवली. "आला."

"म्हणजे जाणार बिचारा." आबांनी मान हलवली. "भांडला तुझ्याशी, पण माणूस वाईट नव्हता. माझा हात धरायचा तो. कुठे टाकलंय त्याला?"

बाईंनी तोंड उघडलं. सांगून टाकायचं, असं ठरवूनच त्या जिना चढल्या होत्या. "नदीपलीकडे," त्या म्हणाल्या.

"बस जाते?"

"नदीपर्यंत. पुढे होडी."

"आणि दवाखाना?"

"नाही."

"राहायला घर-बीर देतात का काही?"

"शाळेमागे एक खोली आहे म्हणे. उतारावर. पायऱ्या दगडाच्या आहेत, सरळ नाहीत. पाणी खालून आणावं लागतं."

आबांची बोटं खुर्चीच्या हातावर फिरत होती. मग ते बाईंच्या आवाजाच्या दिशेने वळले, आणि त्यांच्या चेहऱ्यावर एवढी कळकळ होती की बाईंना तिथे बघवेना.

"त्याच्या घरी कुणी म्हातारं माणूस आहे का गं?"

"आहे," बाई म्हणाल्या.

"मग त्याला माझा एक निरोप दे. म्हणावं, स्वतः जा, पण म्हाताऱ्याला तिथे नेऊ नकोस. नाही टिकायचा तो. सांगशील ना?"

"सांगते," बाई म्हणाल्या, आणि आबांसाठी पाणी आणायला आत गेल्या.